आवाज बंद ठेवून दाखवलेला खेळ

माघ शुद्ध षष्ठी. मिरची वाळवायच्या मैदानात, पथारीवर, देठ खुडणं चालू आहे.

भाऊजी, तुमचं तेरावं परवा झालं, काल भांडी ज्याची त्याला परत केली आणि आज सकाळपासून मी पुन्हा बायकांत येऊन बसले आहे. तुमच्यासाठी मिरची काही थांबली नाही. पसरलेली मिरची दवात राहिली की काळी पडते, हे तुम्हालाही माहीत होतं, जरी सगळा जन्म तुम्ही तिच्याकडे पाठ करून काढलात. दुपारी बायका भाकरी खायला उठल्या, तेव्हा हाताला गोडेतेल चोळलं, राखेने धुतलं आणि लिहायला बसले. बोटं तरी चुरचुरतातच. मधे कुठे डाग पडलेला दिसला तर लगेच खूश होऊ नका. मी हात डोळ्याला लावला असेल.

दिवसकार्याला आलेली माणसं तुमच्याबद्दल पुष्कळ बोलली. एकजण म्हणाला, नंदुरबारला सिनेमा यांनी आणला. मला आठवत होता तो ठिगळांचा तंबू, आणि शिव्या दिल्याशिवाय न सुरू होणारं इंजिन. दुसरा म्हणाला, फार शांत मनुष्य. तो कधी आपल्या स्वयंपाकघरात जेवायला बसला नसावा. तुम्ही सुरतेला थेटरात काम शिकून आलात, लग्न केलं नाहीत, आणि माझ्या चुलीपाशी बसून रोज माझ्याशी भांडलात. तुमचे दादा पानावर मान खाली घालून जेवत आणि उठून जात. आपलं भांडण चालूच असे.

भांडण एकच होतं. शिमगा झाला की मिरचीचा हंगाम सरायचा, पथारीचं मैदान रिकामं व्हायचं आणि तिथे पाऊस लागेपर्यंत तुमचा तंबू उभा राहायचा. चार महिने ज्या जमिनीवर मिरची लोळली तिच्यावर माणसं मांडी घालून बसणार. कोणी पाय हलवला की धूळ उठणार. पहिल्याच वर्षी कुठल्याशा करुण चित्रात तंबूभर लोक डोळे पुसताना पाहून तुम्ही घरी आलात ते फुगूनच.

"वहिनी, लोके चित्र देखीसन रडतस," तुम्ही म्हणालात.

"मंग हसाना चित्रले बी डोया कसाले पुसतस?" मी विचारलं.

दुसऱ्या दिवशी तुम्ही सगळं मैदान झाडून, पाणी मारून घेतलंत. तरी लोक रडले. तुम्ही मला बोलावून दाखवलंत. मी म्हटलं, मिरची अशी एका पाण्याने जात नसते. तिथून पुढे आपलं सुरू झालं ते सुरूच राहिलं. तुमचं म्हणणं, माणूस रडतो ते गोष्टीमुळे नाही, ती कशी दाखवली त्यामुळे. तोंड किती वेळ ठेवलं, कुठे कापलं, कापल्यावर पुढे काय जोडलं. माझं म्हणणं, ज्याच्या घरी काही जळतं आहे तो कुठेही रडेल, त्याला निमित्त लागतं, तुमचं यंत्र नाही लागत. तुम्ही मला चूल सोडायला लावून तुमच्या बाकावर नेत होतात. तिथे तुटलेलं रीळ सांधायचं काम चाले. पातं घेऊन कडा खरवडायची, औषध लावायचं, दाबून धरायचं. माझा हात स्थिर म्हणून ते काम हळूहळू तुम्ही माझ्याच गळ्यात घातलंत, हे मी विसरलेले नाही. पण ते काम मला आवडायचं, हे तुम्हाला मी सांगितलं नाही. तुम्ही डोक्यावर बसला असतात.

मग लढाई आली. सरकारी युद्धाचं चित्र आधी लावलं तरच पुढचं लावायला परवानगी, असा हुकूम निघाला. पहिलं चित्र डब्यातून आलं तेव्हा तुम्ही पोरासारखे हरखला होतात. रेती, रणगाडे, विमानं, आपली देशी पलटण, मागे बँड, आणि बँडच्या वर एक भरदार आवाज सतत बोलत असलेला. पहिल्या खेळाला तंबू फाटेपर्यंत टाळ्या पडल्या. मी बायकांच्या बाजूला बसले होते. मलाही अंगावर काटा आला, खोटं कशाला बोलू. ढोल वाजला की पाय आपसूक हलतो, त्यात डोक्याचा काही संबंध नसतो.

दत्तू पुरुषांच्या बाजूला उभा राहून ओरडत होता. माझा मोठा मुलगा, तुमचा पुतण्या, तेव्हा नुकतीच मिसरूड फुटलेला. घरी आला तो जेवला नाही. पाण्याचा तांब्या हातात धरून मला म्हणाला, "काकाना चित्रमा देखं ना तू? आते मी बी जासू." येत्या बाजाराला भरतीचा माणूस बसणार होता. त्याला नाव देणार, बंदूक घेणार.

ही लढाई आपली का परक्याची, यावर तेव्हा ओट्याओट्यावर वाद चालत. मला तो वाद नको होता. मला मुलगा घरी हवा होता. तुमचे दादा त्याला रागावले, मग समजावलं, मग हात टेकले. मी सरळ तुमच्याकडे आले. तुमच्या चित्राने हा बिघडला, तुम्हीच दुरुस्त करा, असं मी म्हटलं.

तुम्ही रीळ काढलंत, दारातल्या उजेडाला धरलंत आणि मला जवळ बोलावलंत. एक शिपाई धावतो आहे. त्याला काहीतरी लागतं. हात वर जातात, गुडघे मोडतात, तो पडायला लागतो. तुम्ही म्हणालात, आता पुढे बघा. पुढे निशाण होतं. वाऱ्यावर फडकणारं, स्वच्छ, पडदाभर. पडणारा मनुष्य जमिनीला टेकायच्या आतच तुकडा संपत होता.

"मग तो पडला कुठे?" मी विचारलं.

"पडू दिलाच नाही," तुम्ही म्हणालात. "तो पडताना ढोल वाढतो आणि जमिनीऐवजी निशाण येतं. त्यामुळे पोरांना वाटतं, तो उडालाच."

मला तेव्हा प्रथम कळलं की तुम्ही इतकी वर्षं माझ्याशी नुसतं तोंडाने भांडत नव्हतात. आणि कळल्याबरोबर मी व्यवहाराचं बोलले. तुमच्या पेटीत जुन्या चित्रांचे तुकडे पडलेले असत. त्यांत एक मरण्याचा प्रसंग होता, नाटकातल्यासारखा, छातीवर हात, डोळे उलटे, बाजूला रडणारी आई. मी म्हटलं, निशाण कापा आणि तिथे हा जोडा. मी सांधून देते, सांधा दिसणारसुद्धा नाही. दत्तूला एकदा मेलेला मनुष्य दिसू दे.

तुम्ही रीळ खाली ठेवलंत. "कापाले सांगा, कापसू. पन नाटकमा मरेल मानूस आनीसन आठे जोडनार नही."

मी फार बोलले त्या दिवशी. सख्खा पुतण्या जातो आहे आणि तुम्हाला फितीची अब्रू पडली आहे, असंही म्हणाले. तुम्ही म्हणालात, त्यांनी एक लबाडी केली म्हणून मी दुसरी केली, तर त्याला खरं कोण दाखवणार? उद्या तेच चित्र लावतो. एक इंचही कापत नाही. फक्त आवाज बंद ठेवतो. दोन्ही बघू दे आणि मग त्याचं त्याला ठरवू दे.

दुसऱ्या दिवशी दिवेलागणीच्या खेळाला तुम्ही तंबूच्या दारात उभं राहून सांगितलंत की आवाजाच्या खोक्यातला व्हॉल्व जळाला आहे, लोकांनी सांभाळून घ्यावं. माझ्या माहितीत तुम्ही मारलेली ती एकच थाप. पुढे सरकारी माणूस विचारायला आला तेव्हाही तुम्ही तीच सांगितलीत, आणि परवाना जाता जाता राहिला.

त्या खेळात काय दिसलं ते मला सांगता येणार नाही, कारण मी पडद्याकडे पाहिलंच नाही. मी कनातीच्या फटीतून दत्तूकडे पाहत होते. पडद्याचा उजेड त्याच्या तोंडावर हलत होता. यंत्राची टकटक तेवढी ऐकू येत होती आणि लांबून इंजिनाचा आवाज. सुरुवातीला लोकांनी शिट्ट्या मारल्या. मग त्या थांबल्या. एक म्हातारा म्हणाला, हे सगळे ओरडतात आणि ऐकू काहीच येत नाही. त्याला कोणीतरी गप्प केलं. टाळी एकही पडली नाही. दत्तू पहिल्या खेळाला उभा होता, त्या दिवशी बसून होता. मधे एका जागी तो पुढे वाकला आणि तसाच वाकून राहिला. माझ्या मनात आलं, झालं, भाऊजी जिंकले.

घरी येऊन तो जेवला, दोन भाकरी. झोपला. मी मारुतीला नारळ बोलले. बाजाराच्या दिवशी सकाळी त्याने गाडीला बैल जुंपले, तीन पोती पेढीवर टाकून आला आणि परत येताना भरतीच्या माणसाला नाव देऊन आला. पण बंदूक नाही मागितली. जखमी उचलून नेणारी एक तुकडी असते, तिच्यात नाव घातलं.

मी तुमच्याशी पुष्कळ दिवस बोलले नाही. ताट वाढायचं, समोर सरकवायचं. तुम्हीही पहिल्यांदाच माझ्या चुलीपाशी मुकाट जेवलात. मग एकदा तुम्ही हळूच म्हणालात, वहिनी, तो कोणता खेळ पाहून गेला, पहिला का दुसरा? पहिला पाहून गेला असेल तर सरकारच्या बँडने नेला. दुसरा पाहून गेला असेल तर मी पाठवला. मी म्हटलं, भाजी संपवा.

तेव्हापासून तुम्ही तो प्रश्न सोडला नाहीत. सणावाराला, आजारपणात, मधेच, दुसरंच काही बोलता बोलता तो वर यायचा. तुमचा स्वतःचा एक तर्क होता: दुसरा खेळ पाहून तो घाबरला, पण मागे फिरायची लाज वाटली, म्हणून बंदुकीचं काम सोडून दुसरं धरलं. म्हणजे निम्मं तरी आपलं चाललं. असं म्हणून तुम्ही माझ्या तोंडाकडे बघत होतात. मी हो म्हटलं नाही आणि नाहीही म्हटलं नाही. मला खरंच ठाऊक नव्हतं. आणि थोडं असंही होतं की तुम्हाला त्या प्रश्नावर टांगून ठेवण्यात माझा राग निवत होता.

पण त्याच दिवसांतली एक गोष्ट तुमच्या नावावर जमा आहे, आणि ती आज सांगून टाकते. आपल्या पथारीवर देठ खुडायला जिवली येते, सातपुड्यातली, तिचा नवराही मजूर तुकडीबरोबर समुद्रापार गेला होता. तिला कोणीतरी सांगितलं की काकांच्या पडद्यावर पलटणीतली माणसं दिसतात. ती आली, बरोबर आणखी चार बायका घेऊन. सरकारी चित्रात छावणीचा, आगगाडीचा भाग असायचा, पण माणसाचं तोंड नजरेत भरायच्या आत पुढचं तोंड यायचं. खेळ संपल्यावर जिवली यंत्रापाशी येऊन उभी राहिली आणि तुम्हाला म्हणाली, याला जरा हळू चालायला सांग.

बोलत्या यंत्राला हळू चालता येत नव्हतं. तुम्ही माळ्यावरून तुमचं जुनं हाताने फिरवायचं यंत्र काढलंत, दिवा मंद केलात, ओल्या रेतीची बादली शेजारी ठेवलीत, कारण फीत दिव्यापुढे रेंगाळली तर पेट घेते. आणि दर रविवारी दुपारी पोत्यांच्या गोदामाची दारं लावून, फक्त ज्यांची माणसं गेली होती त्या बायकांसाठी, ते छावणीचे आणि गाड्यांचे तुकडे तुम्ही हळूहळू फिरवलेत. माणसं अशी चालत, जशी कमरेएवढ्या पाण्यातून चालली आहेत. एकेक तोंड येई, वळे, कोणी हसे, ते हसू इतका वेळ टिके की आपल्यालाच ओशाळल्यासारखं व्हावं. हाताला कळ लागली तरी तुम्ही वेग वाढू दिला नाहीत. मी दाराशी उभी असायचे, जणू काही फक्त दार सांभाळायला. पण मी प्रत्येक तोंड पाहिलं आहे, भाऊजी. दत्तू एकातही नव्हता. जिवलीचा नवराही नव्हता. ती बाहेर पडताना मी तिला विचारलं, दिसला का? ती म्हणाली, "तो नही दिसना. पन त्यासना पायमा जोडा शेतस." त्या माणसांच्या पायांत जोडे आहेत, अनवाणी नाहीत, एवढं तिला पुरलं. दुसऱ्या दिवशी देठ खुडताना ती गात होती. मी त्या दिवशी पुरणपोळी केली. सण नव्हता, तुम्ही कारण विचारलंत, मी म्हटलं गूळ संपवायचा होता.

ते कारण खोटं होतं, हे तुम्हाला तेव्हाच कळलं असेल.

लढाई संपली. जिवलीचा नवरा आला, मग काही महिन्यांनी दत्तू आला. आगगाडीतून उतरला तेव्हा मी त्याच्या पायाकडेच आधी पाहिलं. वाळला होता, डाव्या कानाने ऐकू कमी येत होतं, बाकी शाबूत. त्याला काय वाटतं ते बघायला तुम्हाला दम निघाला नाही. आठवड्याच्या आत तुम्ही ते पहिलं चित्र त्याला गोदामात लावून दाखवलंत. चित्राची झिजलेली प्रत परत मागायला कोणी आलंच नव्हतं. मी बाहेर पोती शिवत होते. आतून बँड वाजला, तो आवाज गर्जला, आणि मग दत्तूचं हसणं ऐकू आलं. मी सुई टाकून दाराशी गेले.

"काका," तो म्हणत होता, "हाऊ कॅमेरा कायम चांगली जागावर उभा ऱ्हास. आम्हले इतलं कधी दिसनंच नही."

तुम्ही यंत्र थांबवलंत. मग तो सांगत गेला की तिथे धूळ असते, धूर असतो, समोरच्याची पाठ असते, कोण कुठे चालला आहे कोणालाच ठाऊक नसतं. रणगाडा येतो तो आधी पायाखाली कळतो, दिसतो शेवटी. तुम्ही असे हसलात की खोकला लागला. संध्याकाळभर तुम्ही मला तेच ऐकवत होतात, की बघा, वीस वर्षं मी कापण्याजोडण्याचं बोलत होतो आणि या पोराने एका वाक्यात त्याच्याही आधीचं सांगितलं, मुळात उभं कुठे राहायचं ते. मी म्हटलं, मग तुमची वीस वर्षं फुकट गेली. तुम्ही म्हणालात, नाही, आता कुठे सुरुवात झाली. मला तुमचा तो दिवस आवडला. मेल्या माणसाबद्दल चांगलं बोलायचं म्हणून हे लिहीत नाही. तुम्ही त्या दिवशी तीन वेळा भात घेतलात.

तरी त्याच्यासमोर तो प्रश्न तुम्ही काढला नाहीत. कोणता खेळ पाहून गेलास, एवढं विचारायला किती वेळ लागतो? मुलगा समोर बसून ताक पितो आहे, आणि तुम्ही छपराकडे बघता. मीही विचारलं नाही. आपण दोघे कधी कोणाला घाबरलो नाही, परवान्याच्या साहेबालाही नाही, आणि आपल्याच घरातल्या पोराच्या उत्तराला घाबरलो. दिवाळीनंतर तुम्ही अंथरूण धरलंत. शेवटच्या आठवड्यात पेज भरवताना तुम्ही माझा हात बाजूला केलात आणि म्हणालात, वहिनी, तुम्ही तरी विचारून ठेवा. माझ्यासाठी नाही, असंच. मी म्हटलं, आधी पेज. तुम्ही पेज घेतलीत. माझं काम माझ्या हिशेबाने झालं होतं, मी वाटी उचलून बाहेर आले.

तुमच्याबद्दल मला दुःख आहे, पण ते फार नाही, हे तुम्हाला सांगायला हरकत नाही. तुम्हाला पाहिजे ते काम मिळालं, ते तुम्ही पाहिजे तसं केलंत, आणि जेवणाबद्दल कुरकुर करायला हक्काचं घर होतं. असं किती जणांना मिळतं? मला चुकल्यासारखं वाटतं ते जेवणाच्या वेळी. तुमचे दादा अजूनही मान खाली घालून जेवतात. काल मी त्यांना म्हटलं, मिरचीने माणूस रडतो का चित्राने, तुमचं काय मत? ते म्हणाले, मीठ दे.

बायका भाकरी खाऊन परत आल्या आहेत. उठते.

*

सप्तमी, सकाळ. कालचं तिथेच संपवणार होते, पण आता आणखी लिहावं लागतं आहे.

आज उन्हं यायच्या आधी दत्तू आणि मी मिरचीच्या ढिगावर दवासाठी घातलेलं पाल काढत होतो. मी त्याच्या उजव्या बाजूला जाऊन उभी राहिले, म्हणजे दोनदा विचारावं लागू नये. विचारलं, "कोणता खेळ देखीसन गया व्हता तू? पहिला का दुसरा?"

कशाबद्दल विचारते आहे हे त्याला लगेच कळलं. त्याने पाल घडी घालून ठेवलं. "दुसरा," तो म्हणाला.

"घाबरीसन?"

"नही माय."

मग त्याने सांगितलं. पहिल्या दिवशी तो आवाज म्हणत होता, रणगाडे बघा, म्हणून सगळ्यांनी रणगाडे बघितले, त्यानेही. दुसऱ्या दिवशी काय बघायचं ते सांगायला कोणी नव्हतं, त्यामुळे त्याची नजर फिरत राहिली. आणि त्याच रणगाड्यांच्या तुकड्यात, पार डाव्या कोपऱ्यात, सगळी पलटण पुढे पळत असताना, एक मनुष्य मागे वळला होता. खाली कोणीतरी पडलेलं होतं. त्याच्या तोंडाला तो पाणी लावत होता. पडद्यावर बोटाएवढा. बँड वाजला तेव्हा तो तिथेच होता, पण कोणालाच दिसला नव्हता. बंदुकीचं वेड सुगीपर्यंत उतरलं असतं, दत्तू म्हणाला, पण त्या मनुष्याला पाहिल्यावर घरी बसवेना.

तो वाकला होता ती जागा मला आठवली. मी विचारलं, काकांना का नाही सांगितलंस? तो म्हणाला, मला अडवायला त्यांनी आवाज बंद केला, आणि मी त्यानेच गेलो, हे ऐकून त्यांच्या जिवाला लागलं असतं.

म्हणजे तुम्हीच पाठवलंत, भाऊजी. तुमची जी भीती होती तेच झालं. आणि मला वाटलं होतं की हे कळलं तर मी तुम्हाला कधी माफ करणार नाही. तसं काही झालं नाही. मला वाटलं, आता हे तुम्हाला सांगायला पाहिजे होतं. तुम्ही आधी रडला असतात, मग डोळे पुसून मला विचारलं असतंत, आता बोला, यंत्र लागतं का नाही?

मी दत्तूला म्हटलं, मिरची नंतर पसरू, आधी गोदामाची दारं लाव. त्याने तुमचं जुनं यंत्र काढलं, भिंतीवर तुमच्या दादांचं धुतलेलं धोतर टांगलं, रेतीची बादली भरून आणली. मी पोत्यावर बसले. त्याने हँडल फिरवायला घेतलं, तुमच्यासारखंच, खांदा न हलवता. रणगाडे आले. मी डावीकडे बघत राहिले. कोपऱ्यातला तो बोटाएवढा मनुष्य वळला.

मी दत्तूला म्हटलं, अजून हळू.